मुळ्याचा आवाज

वाडगा माझ्या हातून सुटला तेव्हा दुपारचे बारा वाजून गेले होते आणि मी त्या दिवशी चौथ्यांदा मेलेलो होतो. कँटीनच्या रांगेत माझ्यापुढे दोन दरोडेखोर आणि एक भिक्षू, मागे माझी बायको त्सुयु. ती नटांच्या केसांच्या टोपांच्या खोलीत टोप विंचरण्याचं काम करायची. बाहीला कुणा सामुरायाचे चार केस चिकटलेले असायचेच. उदोनचा, जाड शेवयांच्या रश्शाचा, वाडगा नुकता हातात आला होता, वाफ नाकात जात होती, नाकाला फासलेला रंग मऊ होत होता. तेवढ्यात शेजारच्या ध्वनिखोलीचं दार कुणीतरी उघडलं आणि आतून आवाज आला. आधी एक दणका. त्याचं काही नाही, दणके आमच्या स्टुडिओत दिवसभर चालत. पण दणक्याच्या मागून आणखी एक आवाज आला, ओला, लांबट, कशात तरी रुतलेलं काहीतरी परत ओढून काढल्याचा. माझी बोटं आपोआप उघडली. वाडगा फुटला, उकळता रस्सा पावलांवर सांडला, आणि तो सांडल्याचं मला कळलं नाही, कारण मी कमरेत वाकून नमस्कार करत होतो. समोर कुणीच नव्हतं. भिक्षू होता, पण त्याची माझ्याकडे पाठ होती.

"कुरामोची गेला," एक दरोडेखोर माझ्याकडे बोट करून म्हणाला. "उदोननं कापला."

"आणि रिवाज बघ, मेल्यावर लगेच आभार," दुसरा म्हणाला. सगळी रांग हसली. मीही हसलो. म्हणालो, "पायावर मुंगी चढली रे. लष्करातली ओळखीची निघाली, म्हटलं नमस्कार करावा." पुन्हा हशा. त्सुयु तोवर खाली बसून कमरेच्या पंच्यानं माझी पावलं पुसत होती. तिनं मान वर करून माझ्याकडे पाहिलं. ती हसत नव्हती. कातडी भाजलीय का ते बघत असेल, असं मी स्वतःला सांगितलं.

रिवाजाचं सांगायला हवं, कारण आमचा धंदा त्यावरच चाले. क्योतोच्या उझुमासा भागातल्या आमच्या स्टुडिओत आम्ही तीसेक जण फक्त मरायला होतो. नायक तलवार फिरवी, आम्ही पडत असू. नामावळीत आमची नावं येत नसत; 'आणि इतर' एवढ्याशा जागेत आम्ही तीसजण दाटीवाटीनं राहत होतो. पातं बांबूचं, वर रुपेरी कागद, पण बरगडीवर बसलं की बांबूही काही कमी नसतो. माझं गळ्याजवळचं हाड दोनदा मोडलंय, डाव्या कानानं मला अजून फक्त चांगल्या बातम्या ऐकू येतात. एका सिनेमात मी सात वेळा मेलो, दर वेळी वेगळी मिशी लावून. सातव्या वेळी तर मला स्वतःच्याच प्रेतावरून उडी मारून मरायला यावं लागलं. आणि दृश्य संपलं की, कितीही लागलेलं असो, मेलेल्यानं उठायचं, नायकासमोर वाकायचं आणि म्हणायचं, "कापलंत, उपकार झाले." नायक म्हणायचा, "छान मेलास." हे झाल्याशिवाय मरण पुरं होत नसे. पोरवयापासून, फिरत्या नाटकमंडळीत मारामारीचे खेळ करत होतो तेव्हापासून, माझ्या अंगात हे इतकं भिनलं होतं की धाकट्या भावानं गंमतीत पाठीत बुक्की घातली तरी मी उठून त्याचे आभार मानायचो.

सगळा स्टुडिओ मला आचारी म्हणे. चीनमध्ये चार वर्षं मी रेजिमेंटच्या भटारखान्यात होतो, हे सर्वांना ठाऊक होतं, कारण मीच ते सर्वांना सांगितलं होतं. आमची कढई एवढी मोठी की आमटी ढवळायला हवालदार होडी घेऊन जाई. एकदा धुकं पडलं आणि तो तीन दिवस परतला नाही. मी एका दिवसात नऊशे मुळे कापले, आणि त्यातला एक इतका लांब होता की त्याचं टोक दुसऱ्या प्रांतात निघालं आणि तिथल्या तुकडीनं त्याच्यावर हक्क सांगितला. लोक जेवता जेवता हे मागून घेत. "आचारी, तो मुळ्याचा किस्सा." मी सांगायचो. दर वेळी मुळा थोडा वाढायचा.

पहिल्यांदा तो मुळा मी त्सुयुसाठी काढला होता. अठ्ठेचाळीस साल. युद्ध हरल्यामुळे राज्य अमेरिकन साहेबांचं आणि तलवारींच्या सिनेमांना त्यांची मनाई, त्यामुळे मी आधुनिक नाटकांतून प्रेतं करत होतो, आणि ती टोपांना कसर लागू नये म्हणून दिवसभर टोप झटकत बसायची. पंचेचाळीसच्या बॉम्बफेकीत ओसाका जळलं, त्या आगीत तिची आई आणि दोन्ही भाऊ गेले होते. तिला कुणी हसताना पाहिलं नव्हतं. लग्नाचं बोलणं मीच काढलं. ती हातातला टोप खाली न ठेवता म्हणाली, "एकच विचारते. तुम्ही तिकडे आपल्या हातानं माणूस मारलात का? मारला असेल तर मला नको. बाकी तुम्ही दारू प्या, काही करा." मी म्हणालो, "मी मुळे कापले." आणि तिथल्या तिथे होडीतला हवालदार जन्माला आला. ती हसली. तीन वर्षांत पहिल्यांदा, तोंडावर टोप धरून. तेरा वर्षं आमचा संसार त्या मुळ्यावर उभा होता. एक गोष्ट मात्र होती, आणि ती आमच्या घरात चेष्टेची झाली होती: मी सुरीला हात लावत नसे. "लष्करात इतकं कापलंय की माझा कोटा संपला," मी म्हणे. सगळं तीच चिरायची, पटापट, बोलत बोलत, सुरी फळीवर नाचवत. मी बाहेरच्या खोलीत बसून तिच्या सुरीवरून तिचा स्वभाव ओळखायचो. रागावली असेल तर कांदा, खुशीत असेल तर मुळा.

वाडगा फुटला त्या वर्षी आमचे दिग्दर्शक ओइकावासाहेब एका गोष्टीनं पछाडले होते. तोवर आमच्या सिनेमांत तलवार लागली तरी आवाज येत नसे. ढोल वाजे, बासरी किंचाळे, माणूस पडे. ओइकावासाहेब म्हणत, "लोक नुसते बघतायत. त्यांना लागलं पाहिजे." त्यांना छातीचा आजार, त्यामुळे लढाईवर कधी गेले नव्हते, आणि न गेलेल्या माणसाला असते तशी त्यांना रक्ताची फार बारीक हौस होती. ध्वनिखोलीचा इसोगाई महिनाभर त्यांच्यासाठी कापाकापी करत होता. कोबी, भिजका टॉवेल, चामड्यात गुंडाळलेला ओला कापूस, पोटात लाकडी काड्या भरलेल्या कोंबड्या. त्या महिन्यात स्टुडिओच्या कँटीनला कोंबडीचा रस्सा रोज होता, आणि प्रत्येक तुकडा अगोदर तलवारीनं मेलेला होता. इसोगाई आरमारात तारयंत्र चालवायचा. त्याला बुडणाऱ्या माणसाचा आवाज माहीत होता, कापलेल्याचा नाही. वाडगा पडला त्याच्या दुसऱ्या दिवशी त्यानं मला अंगणात गाठलं. मी मरणाच्या दोन खेपांमध्ये उन्हात बसलो होतो.

"काल कशानं पडला रे वाडगा?"

"मुंगी."

"मी त्या वेळी डुकराचा पाय तोडत होतो. सुरा हाडात अडकला. ओढून काढला." तो माझ्या भाजलेल्या पावलांकडे बघत होता. "मी दणक्याच्या मागचं ते शेपूट, तो ओढल्याचा आवाज, काढून टाकणार होतो. ठेवलाय."

"ठेव की. डुकराची आठवण राहील."

तो हसला नाही. म्हणाला, "साहेबांनी तुला उद्या ऐकायला बोलावलंय. आमच्या खात्यात चीनला गेलेला तूच एकटा."

त्या दिवशी मी आणखी तीन वेळा मेलो आणि तिन्ही वेळा वाईट मेलो. नायकाचं पातं खांद्यावरून निघालं, मी कमरेतून मागे धनुष्यासारखा वाकलो, हवेत बोटं पसरली, सगळं नेहमीसारखं. पण पडताना मी कान टवकारून होतो. आमच्या पडण्यात कधी आवाज नव्हताच, हे मला वीस वर्षांत पहिल्यांदा जाणवलं. म्हणूनच कदाचित मी हा धंदा परत धरला होता. इथे माणूस मुका कापला जातो. बांबू येतो, कागद चमकतो, माणूस धुळीत पडतो, आणि मग उठतो, कपडे झटकतो, वाकतो. रोज. लढाईवरून परतल्यावर दुसरं कुठलं काम मला सोसलं असतं? दिवसाकाठी दहा माणसं डोळ्यांसमोर उठताना बघायची गरज होती मला, डोकेदुखीला गोळी लागते तशी. आणि आता हे लोक त्या मुक्या मरणात आवाज ओतणार होते, आणि तो बरोबर आहे की नाही हे मला विचारणार होते.

दुसऱ्या दिवशी ध्वनिखोलीत शिरलो तर कोपऱ्यात त्सुयु बसलेली. मांडीवर जुना टोप. साहेबांना शेंडी कापल्याचा आवाजही हवा होता, त्यासाठी तिला बोलावलं होतं. खोलीत सुक्या रक्ताचा आणि कोबीचा वास. भिंतीला लागून इसोगाईनं कापलेले मुळे ओळीनं पडले होते, पांढरे, सरळ, काही अजून हलके हलके पाझरत होते.

"आचारी काय सांगणार साहेब," मदतीला आलेला दिवेवाला म्हणाला. "यानं तिकडे मुळे कापले."

"मग मुळ्याचा तरी ओळखेल," ओइकावासाहेब म्हणाले. "लाव रे पहिला."

पहिला आवाज लागला. मुळाच होता. कोरडा, स्वच्छ, एकच. कच्च. कानाला गोड लागावा असा.

"आता दुसरा."

मी चपलेच्या आत पायाची बोटं आवळली. दणका आला आणि त्यामागून ते शेपूट, आणि ते संपेपर्यंत, म्हणजे जास्तीत जास्त एक श्वास, मी चीनमधल्या नदीकाठच्या त्या गावात परत उभा होतो. दुपार होती. आदल्या दिवशी तुकडीच्या करमणुकीत मी मारामारीचा खेळ केला होता, अकरा प्रकारांनी मेलो होतो, लोक हसून लोळले होते. नोमोतो लेफ्टनंट सर्वांत जास्त हसला होता. माणसांना मारामारी दिसते. त्यात मारणारा कोण आणि मरणारा कोण हे कुणी बघत नाही. दुसऱ्या दिवशी त्यानं आपली तलवार माझ्या हातात दिली. "तू तलवारीचा माणूस. पोरांना दाखव." समोर कैदी गुडघ्यांवर. निळं सुती बंडीवजा काहीतरी, कापडी गुंड्या, एक तुटलेली, तिथे दोऱ्याची गाठ. माझ्याएवढाच. मी म्हणालो, "साहेब, मला फक्त मरता येतं." आयुष्यात मी जी खरी वाक्यं बोललो त्यातलं ते एक, आणि सगळी पलटण खो खो हसली. "मग आज दुसरं शीक," लेफ्टनंट म्हणाला. मी तलवार उचलली. पाय मांडले, आणि मांडल्यावर दिसलं की ते उलटे मांडलेत, कापून घेणाऱ्याचे मांडतात तसे. शरीराला तेवढंच येत होतं. पहिला घाव खांद्यात गेला. लागला तेव्हा काही विशेष आवाज झाला नाही. पातं अडकलं. तो ओरडला नाही, पुढे कलला, आणि त्याच्याबरोबर तलवार कलली आणि तलवारीबरोबर मी. मला त्याच्या पाठीवर पाय द्यावा लागला. मग पातं निघालं, आणि तो आवाज झाला. दुसरा घाव मानेच्या कडेला. पुन्हा पाय, पुन्हा तो आवाज. मागून कुणीतरी म्हणालं, "अरे हा खेळातच बरा." तिसरा लागला. तो पडला. आणि मी, हातात ती रक्तानं बुळबुळीत झालेली मूठ धरून, दोन पावलं मागे सरकून, वाट बघत उभा राहिलो. तो उठेल, माती झटकेल, वाकेल. आयुष्यभर असंच झालं होतं. "काय बघतोयस?" लेफ्टनंट म्हणाला. काय बघतोय ते मला सांगता येईना. माश्या आल्या तरी मी उभाच होतो. शेवटी दोघांनी मला दंड धरून नेलं. भटारखान्याजवळून नेलं. तेवढाच माझा आणि भटारखान्याचा संबंध.

"बोल," ओइकावासाहेब म्हणाले. "खरा कुठला?"

मी वाकलो नव्हतो. बोटांची नखं चपलेत रुतली होती. त्सुयु टोपाच्या केसांतून फणी फिरवत होती, सावकाश, मान खाली. दुसरा म्हणावं, तर पुढचा प्रश्न येणार होता, आणि तो साहेबांकडून नाही, तिच्याकडून येणार होता.

"पहिला," मी म्हणालो. "नक्की पहिला. माणूस असाच कापला जातो, साहेब. एकदाच. स्वच्छ. शेपूट वगैरे काही नसतं."

"तुला काय माहीत?"

"आमच्या भटारखान्यासमोर मैदान होतं ना. आमटी ढवळताना ऐकू यायचं. हवालदार तर त्या तालावर होडी वल्हवायचा."

दिवेवाला हसला. साहेब खूष झाले. त्यांनाही तोच आवडला होता. इसोगाईनं माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. "नक्की?" त्यानं विचारलं. "नक्की," मी म्हणालो. मग त्यानं पातं घेऊन दुसऱ्या आवाजाची वीतभर फीत कापली आणि कचऱ्याच्या डब्यात टाकली. फीत कापल्याचा आवाजही अगदी कोरडा, स्वच्छ झाला.

सिनेमा नव्या वर्षाच्या सुट्टीत लागला. आम्ही सकाळच्या खेळाला गेलो. हा आमचा नेम होता: माझा प्रत्येक सिनेमा ती माझ्याबरोबर बघे, बाहीत संत्री घेऊन. एक सोलायची, अर्धं मला द्यायची, आणि पडद्यावर मी मेलो की अंधारात माझा हात दाबून म्हणायची, "छान मेलात." नायकांनी कितीदा म्हटलं असेल, पण माझं मरण पुरं व्हायचं ते तिनं म्हटल्यावर. थिएटर खच्चून भरलेलं. पहिला दरोडेखोर कापला गेला आणि कच्च असा आवाज झाला, तसं सगळं थिएटर एकदम मागे सरकलं, एखाद्यानं सर्वांच्या पोटात बोट घातल्यासारखं. मग एक सुस्कारा. मग कुजबुज. मग हसू. दुसरा कच्च, तिसरा कच्च. आमच्या मागची म्हातारी प्रत्येक घावाला "आई गं" म्हणत होती आणि पुढच्या घावाची वाट बघत होती. लोकांना ते फार आवडत होतं. मला वाटलं, बघ, खोटं सांगितलं तर किती माणसं सुखी होतात. सातवा मी होतो. धनुष्यासारखा वाकलो, बोटं पसरली. कच्च. पडलो. मी हात तिच्या बाजूला सरकवला.

तिनं तो धरला नाही.

"हा मुळाय," ती हळू आवाजात म्हणाली. पडद्याकडेच बघत होती. "रोज चिरते मी. मुळाच आहे."

"मग काय. आचाऱ्यानं निवडलाय."

"त्या दिवशी कँटीनमध्ये आला तो हा नव्हता. तो लांब होता. मागे ओढल्यासारखा." तिच्या हातात अर्धं सोललेलं संत्रं होतं. "माझ्यासमोरही लावला त्यांनी तो, दुसरा. तेव्हा तुमचे पाय बघत होते मी. चपलेच्या पट्टीवर रक्त आलं होतं." पडद्यावर नायकानं तलवार झटकली, लोकांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या थांबेपर्यंत ती थांबली. "कँटीनमध्ये नमस्कार कुणाला केलात?"

माझ्या जिभेवर मुंगी होती. हवालदार होता, त्याची होडी होती, दुसऱ्या प्रांतात निघालेलं मुळ्याचं टोक होतं. सगळे रांगेत उभे होते, मी फक्त एकाला पुढे ढकलायचं होतं. पण तिच्या आवाजात राग नव्हता, आणि त्यामुळे मला कुणाला ढकलता येईना.

"उठेल असं वाटलं होतं," मी म्हणालो. "उठला नाही. म्हणून त्याच्या वतीनं केला असेल."

पडद्यावर आम्ही सगळे मेलेलो होतो, नायक एकटा वाऱ्यात उभा होता.

"कितीदा?" तिनं विचारलं.

एकच माणूस होता, पण तिचा प्रश्न मला बरोबर समजला. "तीनदा," मी म्हणालो.

तिनं संत्र्याच्या फोडी वेगळ्या केल्या. सगळ्या. एकेक करून स्वतः खाल्ल्या, बिया रुमालात ठेवल्या, रुमालाची घडी घातली. दिवे लागले. बाहेर स्वच्छ ऊन होतं. घरी जाताना ट्राममध्ये तिनं माझ्यासाठी जागा धरली, नेहमीसारखी.

ती मला सोडून गेली नाही. लोकांना वाटतं जाण्यात शिक्षा असते. तो आवाज पुढे सगळ्यांनी उचलला. आमच्या साहेबांचा सिनेमा चालला आणि नंतर आमच्याकडे कुणी कापला गेला की मुळाच वाजू लागला, आणि मी पुढची पंधरा वर्षं माझ्याच खोट्याच्या तालावर मेलो. अजून कँटीनमध्ये जुनी माणसं भेटली की किस्सा मागतात आणि मी सांगतो. मुळा आता समुद्र ओलांडून गेलाय. घरी मात्र त्सुयुनं त्या जानेवारीपासून चिरण्याची रीत बदलली. पूर्वीसारखी पटापट नाही, बोलत बोलत नाही. मी बाहेरच्या खोलीत बसलेला असतो. सुरी एकदा पडते. मग ती थांबते. सुरी परत उचलल्याचा आवाज येतो, सावकाश, फळीतून ओढून काढल्यासारखा. दुसऱ्यांदा पडते. पुन्हा तसंच. तिसऱ्यांदा पडते, आणि त्यानंतर घरात इतकी शांतता होते की मला बसवत नाही, मी उठून उभा राहतो, हात मांड्यांना चिकटवून.

मग आतून ती हाक मारते, अगदी पहिल्यासारख्या आवाजात. "आचारी, या जेवायला."

मी वाकतो, आणि जातो.